जीनोमच्या कोठारात कोण नाही?



व्याख्यानमालेच्या कार्यकर्त्यांनी मला विषय सुचवला होता 'जनुकशास्त्रातले चमत्कार'. मी तो बदलून घेतला. चमत्कारांवर बोलणारे पुष्कळ आहेत, आणि यूट्यूबवर ते चोवीस तास बोलत असतात. मला आज मागच्या दाराने आत जायचंय. डीएनएची अक्षरं वाचून झाली की ती जातात कुठे? कोण ठेवून घेतं? कोणाला पाहू देतं? आणि माझा खरा प्रश्न असा, की त्या कोठारात कोणाची अक्षरं नाहीत?

ज्यांच्या स्मृतीसाठी आपण जमलो आहोत त्यांनी आयुष्य शाळेचं ग्रंथालय सांभाळण्यात घालवलं. त्यामुळे कोठाराचा विषय त्यांना तरी रुक्ष वाटला नसता, असं धरून मी चालतो. तुम्हाला वाटला, तर प्रश्नोत्तरांच्या वेळी सांगा.

मी तीन गोष्टी मांडणार आहे. कोठाराशिवाय जीनोमला अर्थ का नाही, ही पहिली. हे कोठार सगळ्यांसाठी उघडं कसं राहिलं, ही दुसरी. आणि त्यात कोण नाही, ही तिसरी. तिसरीवर मी जास्त वेळ घेणार आहे, ते आधीच सांगून ठेवतो.

माणसाचा जीनोम म्हणजे ए, सी, जी, टी या चार अक्षरांत लिहिलेला साधारण ३ अब्ज अक्षरांचा मजकूर. समजा, उद्या तुमचा स्वतःचा जीनोम वाचून एका पेन ड्राइव्हवर तुमच्या हातात दिला. तुम्हाला त्यातून काय कळेल? काहीही नाही. आणि माझ्या हातात दिला तर? मलाही नाही. तो मजकूर एकटा असताना मुका आहे. पुण्याच्या भांडारकर संस्थेत १९१९ साली महाभारताच्या चिकित्सित आवृत्तीचं काम सुरू झालं आणि १९६६ साली पुरं झालं. त्यासाठी १,२५९ हस्तलिखितं पाहिली गेली. एकच पोथी समोर असती तर कुठला श्लोक मूळचा आणि कुठला मागून घुसलेला, हे संपादक सुकथणकरांनाही सांगता आलं नसतं. पोथ्या शेजारी शेजारी ठेवल्या, पाठभेद मांडले, तेव्हा मजकूर बोलू लागला. जीनोमचं नेमकं हेच आहे. अर्थ तुलनेतून येतो, आणि तुलनेसाठी आधी कोणीतरी साठवून ठेवलेलं असावं लागतं.

हे ज्यांना सर्वांत आधी कळलं त्यांतल्या एक होत्या मार्गारेट डेहॉफ. अमेरिकेतल्या मेरीलँडमध्ये बसून या बाईंनी तोवर वाचल्या गेलेल्या प्रथिनांचे क्रम गोळा केले आणि १९६५ साली ते पुस्तकरूपाने छापले. किती प्रथिनं होती त्यात? ६५. जगभरची सगळी मिळून. आज हसू येतं, पण त्या काळात एकेका प्रथिनाचा क्रम लावायला वर्षं जात. अमिनो आम्लांना आज जी एकाक्षरी नावं आहेत, तीही त्यांचीच. जागा वाचवायची होती, पंचकार्डावर अक्षरं कमी मावत, म्हणून. आणि तरी अनेक शास्त्रज्ञांना हे काम कारकुनी वाटायचं. दुसऱ्यांनी काढलेलं गोळा करायचं, यात कसलं संशोधन?

यात कसलं संशोधन, याचं उत्तर १९८३ साली मिळालं. कॅलिफोर्नियातले रसेल डूलिटल स्वतः प्रथिनांचे क्रम टिपून आपला खासगी संग्रह वाढवत होते. माकडांत गाठ निर्माण करणाऱ्या एका विषाणूचं जनुक त्यांच्या संग्रहात होतं. जखम भरून काढताना पेशींना वाढायला सांगणाऱ्या एका मानवी प्रथिनाचा क्रम नुकताच मिळाला होता. दोन्ही शेजारी ठेवले, आणि ते जवळजवळ तंतोतंत जुळले. लंडनमधला एक गटही त्याच सुमारास तिथेच पोहोचला. कर्करोग म्हणजे बाहेरून आलेलं काही अघटित नसून, आपल्याच वाढीचा हुकूम भलत्या वेळी सुटलेला असू शकतो, हे त्या जुळणीतून दिसलं. ती जुळणी नवा प्रयोग करून मिळाली नव्हती. दोन क्रम एकाच संग्रहात आले, म्हणून मिळाली.

आता दुसरी गोष्ट. कोठार उघडं कसं राहिलं? श्रोतेहो, ते आपोआप राहिलं नाही. त्यासाठी भांडणं झाली, आणि त्यातली पहिली हार डेहॉफबाईंच्याच वाट्याला आली.

युरोपने हायडेलबर्ग इथे डीएनएच्या क्रमांचा संग्रह १९८०च्या सुमारास सुरू केला. अमेरिकेने १९८२ साली आपल्या राष्ट्रीय संग्रहाचं कंत्राट काढलं. एका बाजूला डेहॉफ, सतरा वर्षांच्या अनुभवासह. दुसऱ्या बाजूला वॉल्टर गोड, लॉस अलामोसचे भौतिकशास्त्रज्ञ, हायड्रोजन बॉम्बच्या कामातले. कोणाला मिळालं? बॉम्बवाल्याला. कारण समजून घेण्यासारखं आहे. डेहॉफ यांचा संग्रह वापरणाऱ्याला तो पुढे वाटण्याची मुभा नव्हती. संस्था चालवायला पैसे लागत आणि ते विक्रीतून येत. गोड म्हणाले, आम्ही या माहितीवर कसलीही मालकी सांगणार नाही, आणि संगणकांच्या जाळ्यावरून ती खुली देऊ. तेच जेनबँक. १९८२च्या अखेरीस तिच्यात ६०६ क्रम होते, एकूण ७ लाखांहून कमी अक्षरं. आज ३० लाख कोटींच्या वर अक्षरं आहेत. डेहॉफ १९८३च्या फेब्रुवारीत वारल्या. मला त्यांच्याबद्दल नेहमी वाईट वाटतं, पण निर्णय बरोबर होता असंही वाटतं. दोन्ही एकदम वाटू शकतं.

मग जपानने मिशिमा इथे आपला संग्रह उघडला. तेव्हापासून अमेरिका, युरोप आणि जपान हे तिघे दररोज एकमेकांकडची भर आपल्याकडे उतरवून घेतात. कुठल्याही एका ठिकाणी टाका, तिन्हीकडे दिसतं. नियतकालिकांनीही नियम केला, की क्रम संग्रहात जमा करा, क्रमांक आणा, मगच लेख छापू. विज्ञानात उपदेशाने जे होत नाही ते अशा एका अटीने होतं.

आणि बर्म्युडा! १९९६च्या फेब्रुवारीत मानवी जीनोम प्रकल्पातली मंडळी त्या बेटावर जमली होती. जॉन सल्स्टन आणि रॉबर्ट वॉटरस्टन यांनी आग्रह धरला, की जोडून तयार झालेला तुकडा २४ तासांच्या आत सार्वजनिक संग्रहात गेलाच पाहिजे. लेख लिहून होईपर्यंत थांबायचं नाही, पेटंटचा अर्ज करेपर्यंत थांबायचं नाही. तुम्हीच सांगा, आपण केलेलं काम छापून येण्याआधी प्रतिस्पर्ध्याच्या हातात द्यायला कोण तयार होईल? ते झाले.

दोन वर्षांनी सेलेरा ही कंपनी उतरली. क्रेग व्हेंटर यांची. त्यांचं संगणकशास्त्र उत्तम होतं, यात शंका नको. पण त्यांचा संग्रह वर्गणी भरणाऱ्यांसाठी होता. २०००च्या उन्हाळ्यात व्हाइट हाउसमध्ये जीनोम वाचल्याची घोषणा व्हायची होती, आणि सार्वजनिक प्रकल्पाकडे तुकडे होते पण जोडलेला जीनोम नव्हता. सांताक्रूझच्या विद्यापीठातला जिम केंट नावाचा विद्यार्थी गॅरेजमध्ये बसला. महिन्याभरात त्याने जोडणीचा प्रोग्रॅम लिहिला. टायपिंगने मनगटं दुखायची, ती बर्फात शेकायची आणि पुन्हा बसायचं. २२ जूनला त्याची जोडणी झाली. सेलेराची झाली २५ला. ७ जुलैला सांताक्रूझने मानवी जीनोम इंटरनेटवर ठेवला, कोणीही घ्यावा असा.

यावर 'आदर्शवाद ठीक, पण व्यवहार?' असं विचारणारे असतात. व्यवहाराचंही उत्तर आहे. हायडी विल्यम्स या अर्थतज्ज्ञ बाईंनी पुढे मोजणी केली. काही जनुकं काही काळ फक्त सेलेराच्या ताब्यात होती, काही सुरुवातीपासून सार्वजनिक होती. कुलपात राहिलेल्या जनुकांवरचं पुढचं संशोधन आणि त्यांतून निघालेल्या चाचण्या २० ते ३० टक्क्यांनी कमी भरल्या. कुलूप दोनेक वर्षांतच निघालं होतं, तरी.

इथे जरा थांबून एक तक्रार करतो. कोठार उघडणाऱ्यांच्या कथा सांगितल्या जातात, झाडणाऱ्यांच्या कोणी सांगत नाही. २०११ साली अमेरिकेने पैसे नाहीत म्हणून कच्च्या सिक्वेन्सिंगचा अख्खा संग्रह बंद करायचं ठरवलं होतं, ओरड झाली म्हणून वाचला. वनस्पतिशास्त्रज्ञ ज्या रोपट्यावर सर्वाधिक काम करतात त्या अराबिडॉप्सिसच्या माहितीसंग्रहाचं सरकारी अनुदान गेलं आणि त्याला वर्गणी लावावी लागली. आणि कचरा किती साचतो! २०२०मध्ये दोन संशोधकांनी जेनबँक चाळली, तर २० लाखांहून जास्त नोंदींत भलत्याच जीवाचा डीएनए मिसळलेला निघाला. त्यात गंमत एक्सेलची. सेप्टिन कुळातल्या एका जनुकाचं नाव होतं 'सेप्ट टू'. एक्सेल त्याची तारीख करून टाकी, २ सप्टेंबर. जनुकांच्या याद्या एक्सेलमध्ये जोडलेले लेख तपासले, तर पाचांतल्या एकात हा घोळ. मायक्रोसॉफ्टने तोवर काही केलं नव्हतं. शेवटी २०२०मध्ये शास्त्रज्ञांनी जनुकांचीच नावं बदलली. हे निस्तरणाऱ्या माणसांना नोबेल मिळत नाही. मात्र त्यांनी निगुतीने राखलेल्या संग्रहावर दुसऱ्यांना मिळतं. २०२४चं रसायनशास्त्राचं नोबेल ज्यांना विभागून मिळालं, त्यांच्यात प्रथिनांची घडी ओळखणारा अल्फाफोल्ड घडवणारे दोघे होते. तो प्रोग्रॅम शिकला कशावर? १९७१ साली सात रचनांवर सुरू झालेल्या आणि पन्नास वर्षं लोकांनी जपलेल्या प्रोटीन डेटा बँकेवर.

आतापर्यंतचं एवढंच, की तुलनेशिवाय अर्थ नाही, आणि तुलना उघड्या कोठारात होते. आता या दोन वाक्यांना जरा धक्का देऊ या. तुलना कोणाशी?

१९९७ साली अमेरिकेतल्या बफेलो शहरातल्या वर्तमानपत्रात जाहिरात आली, जीनोम प्रकल्पासाठी रक्तदाते हवेत. वीस माणसं घेतली गेली. त्यांतल्या एका अनामिक पुरुषाच्या डीएनएचा संच इतका चांगला निघाला, की 'मानवाचा' म्हणून जो संदर्भ-जीनोम आपण वापरतो त्यातला सुमारे ७० टक्के भाग त्या एकट्याचा आहे. बफेलोतला एक माणूस. त्याच्याबद्दल माझी काहीच तक्रार नाही. पण डॉक्टर जेव्हा म्हणतात की रुग्णाच्या डीएनएत 'बदल' आढळला, तेव्हा मनात विचारावं, कोणापेक्षा बदल?

कोणत्याही दोन माणसांत फरक असतातच. संदर्भाशी ताडून पाहिलं तर प्रत्येकात ४० ते ५० लाख ठिकाणी फरक निघतो. त्यातला रोगाचा कुठला? ओळखायची पहिली चाळणी सोपी आहे. निरोगी माणसांत तो फरक सर्रास सापडत असेल, तर तो निरुपद्रवी. पण कोणत्या निरोगी माणसांत? कोठारात ज्यांची नोंद आहे त्यांच्यात. आणि नोंद कोणाची आहे? फार मोठ्या प्रमाणात युरोपीय वंशाच्या लोकांची.

याने काय होतं, ते अमेरिकेतच दिसलं. हृदयाचे स्नायू जाड होण्याचा एक आनुवंशिक आजार आहे, तरुण खेळाडू मैदानावर अचानक कोसळतात तो. काही जनुकीय फरक त्याचं कारण म्हणून नोंदले गेले होते. हार्वर्डच्या गटाने २०१६ साली पाहिलं, तर त्यांतले काही कृष्णवर्णीयांत इतके सर्रास होते, की त्यांनी आजार होणं शक्यच नव्हतं. आधीच्या अभ्यासांत तुलनेला कृष्णवर्णीय निरोगी माणसं जवळपास नव्हतीच, म्हणून ते दुर्मीळ आणि म्हणून घातक वाटले होते. आफ्रिकी वंशाच्या काही रुग्णांना 'तुमच्यात दोष आहे' असे अहवाल गेले होते. चूक प्रयोगशाळेची नव्हती. यंत्रं ठीक होती, तंत्रज्ञ ठीक होते. कोठारात माणसं नव्हती.

आता आपल्याकडे या. 'थाउजंड जीनोम्स' हा मोठा आंतरराष्ट्रीय प्रकल्प २०१५ साली पुरा झाला. २६ समूह, २,५०४ माणसं. त्यात दक्षिण आशियाचे पाच समूह होते. कोणते? लाहोरचे पंजाबी, बांगलादेशातले बंगाली, ब्रिटनमधले श्रीलंकन तमिळ, ब्रिटनमधले तेलुगू आणि ह्यूस्टनमधले गुजराती. नीट ऐकलंत? भारतातल्या भारतात घेतलेला एकही नमुना नाही. आपण जगाच्या लोकसंख्येचा सहावा हिस्सा, आणि जगाच्या त्या कोठारात आपण होतो ते टेक्ससमध्ये आणि ब्रिटनमध्ये स्थायिक झालेले. मराठी? शोधू नका.

याचा त्रास नवी मुंबईत कसा होतो, ते सांगतो. खारघरला टाटा मेमोरियलचं 'ॲक्ट्रेक' हे संशोधन केंद्र आहे. कर्करोगाच्या गाठीतला डीएनए वाचला की त्यात दोन प्रकारचे फरक असतात, गाठीत नव्याने झालेले आणि त्या माणसात जन्मापासून असलेले. औषधाच्या दृष्टीने पहिले महत्त्वाचे. जन्मजात फरक वेगळे काढायला परदेशी संग्रह वापरले, तर आपल्याकडचे कितीतरी साधे फरक त्यांत नसतात, आणि ते 'कर्करोगाचे' म्हणून गाठीच्या खात्यावर जमा होतात. तेव्हा ॲक्ट्रेकच्या गटाने काय केलं? ६२ भारतीय रुग्णांच्या निरोगी ऊतींतला डीएनए वाचून २०१६ साली आपला छोटा संग्रह बांधला आणि सगळ्यांसाठी खुला केला. आकडा बघा, ६२. डेहॉफबाईंच्या ६५ची आठवण येते. इतक्याशा कोठारानेही चाळणी सुधारली.

आणखी दोन उदाहरणं देतो. आपल्या हृदयाच्या स्नायूतल्या एका प्रथिनाच्या जनुकात २५ अक्षरं गळलेली असणं, हा फरक दक्षिण आशियातल्या साधारण ४ टक्के लोकांत आहे, आणि उतारवयात हृदय निकामी होण्याचा धोका तो वाढवतो. हैदराबादच्या 'सीसीएमबी' या संशोधन संस्थेतल्या थंगराज आणि सहकाऱ्यांनी २००९ साली हे मांडलं. शंभरात चार! युरोपात तो जवळपास नाही, म्हणून युरोपच्या संग्रहात कितीही खोदलं तरी सापडला नसता. दुसरं उदाहरण आंध्र-तेलंगणातल्या वैश्य समाजाचं. शस्त्रक्रियेआधी स्नायू सैल करायचं एक नेहमीचं औषध आहे. ते काही मिनिटांत उतरायला हवं. या समाजातल्या काहींत ते उतरवणारं एन्झाइम कमी असतं आणि माणूस तासन्‌तास श्वासासाठी यंत्रावर राहतो. तिकडचे भूलतज्ज्ञ हे अनुभवाने ओळखून होते. डीएनएची पुष्टी नंतर आली.

हे असं का होतं? कारण आपण पिढ्यान्‌पिढ्या आपापल्यात लग्नं लावली. २०१७च्या एका अभ्यासात दक्षिण आशियातले २६३ समूह तपासले. त्यांपैकी ८१ समूहांत आपसांतल्या लग्नांची खूण फिनलंडच्या लोकांपेक्षा आणि अश्कनाझी ज्यूंपेक्षाही ठळक निघाली. म्हणजे आपला एक समाज नाही. जीनोमच्या दृष्टीने आपण हजारो छोट्या बेटांवर राहतो, आणि एका बेटाचा नमुना घेऊन दुसऱ्याचं निदान होत नाही.

हे मराठी माणसाला नवं असायला नको. मानववंशशास्त्रज्ञ इरावतीबाई कर्वे हातात मोजपट्टी घेऊन महाराष्ट्रभर हिंडल्या, ते कशासाठी? १९६८ साली त्यांचा आणि कैलाशचंद्र मल्होत्रा यांचा एक अभ्यास प्रसिद्ध झाला. महाराष्ट्रातल्या एकाच दर्जाच्या, पण आपसांतच लग्न करणाऱ्या आठ ब्राह्मण गटांची जैविक तुलना. वरून 'ब्राह्मण' म्हणून एक दिसणारी जात आतून एका मुळाची नाही, असं त्यांचं म्हणणं. डीएनए वाचण्याच्या कितीतरी आधी बाईंनी नेमका प्रश्न विचारला होता. आणि याच बाई तरुणपणी बर्लिनला कवट्या मोजायला गेल्या, तेव्हा मार्गदर्शकाच्या वंशश्रेष्ठत्वाच्या सिद्धांताला आधार मिळत नाही असं लिहून मोकळ्या झाल्या होत्या. मोजायचं तर मोजा, पण आधीच ठरवलेलं सिद्ध करायला मोजू नका, हे त्यांच्याकडून शिकावं.

कारण इथे एक मोठी अडचण आहे. जातीचं नाव कोठारात लिहायचं की नाही? लिहिलं नाही तर वैश्य समाजातल्या रुग्णाला भूलतज्ज्ञाकडून सावधगिरी मिळणार नाही. लिहिलं, तर उद्या कोणीतरी 'अमुक जातीचं रक्त' म्हणून पत्रक काढेल. आणि काढेलच, आपल्याला आपली माणसं माहीत आहेत. भारतीय जनुकीय वैविध्य प्रकल्पाने २००८ साली ५५ समूहांची माहिती छापली, तेव्हा नावं झाकून संकेत वापरले. भाषाकुळ, दिशा, आणि गट मोठा की एकाकी, एवढंच. मला तो मार्ग अर्धवट वाटतो, पण त्यामागची भीती खोटी वाटत नाही.

मग 'जीनोम इंडिया' आला. २० संस्था, ८३ समूह, जवळपास १० हजार माणसांचे पूर्ण जीनोम. जानेवारी २०२५ मध्ये ही माहिती संशोधकांसाठी खुली झाल्याची घोषणा झाली. ती ठेवली आहे हरियाणात फरिदाबादला, 'इंडियन बायोलॉजिकल डेटा सेंटर'मध्ये. २०२२ साली सुरू झालेलं हे आपलं राष्ट्रीय कोठार. याआधी भारतीय शास्त्रज्ञ आपला डेटा अमेरिकेत नाही तर युरोपात जमा करत. घरचं कोठार कशाला हवं, असं कोणी म्हणालं तर एप्रिल २०२५ मधली अमेरिकेची घोषणा दाखवावी. मानवी जनुकीय माहितीचे आपले नियंत्रित संग्रह तिने चीन, रशिया, इराणसह सहा देशांतल्या संस्थांना बंद केले. आज त्या यादीत आपण नाही. यादी कोणाच्या हातात आहे, हे लक्षात ठेवायचं.

आता मघाशी न सांगितलेली चौथी गोष्ट. वेळ होत आला आहे, पण ती टाळली तर व्याख्यान अप्रामाणिक होईल. बर्म्युडाच्या उत्साहात मी म्हणालो, उघडं ठेवा. पण रक्त देणाऱ्या माणसाला विचारा, तो काय म्हणतो?

ग्रँड कॅन्यनच्या तळाशी राहणाऱ्या हवासुपाई आदिवासींनी १९९०पासून ॲरिझोना स्टेट विद्यापीठाला रक्त दिलं. त्यांच्यात मधुमेह फार, त्यावर उपाय निघेल म्हणून. पुढे त्यांना कळलं, की त्याच रक्तावर स्किझोफ्रेनियाचा अभ्यास झाला, नात्यातल्या लग्नांचा झाला, आणि 'तुमचे पूर्वज आशियातून आले' असाही निष्कर्ष निघाला. त्यांची श्रद्धा आहे, की ते त्याच दरीत जन्मले. ते कोर्टात गेले. २०१० मध्ये ७ लाख डॉलरांवर तडजोड झाली आणि रक्त परत मिळालं. दुसरं उदाहरण हेन्रिएटा लॅक्स या कर्करोगाच्या रुग्णाचं. त्या १९५१ साली गेल्या. त्यांच्या गाठीतल्या पेशी जगभर वाढवल्या जातात. २०१३ साली युरोपातल्या एका गटाने त्या पेशींचा जीनोम खुल्या संग्रहात टाकला, कुटुंबाला न विचारता. ओरड झाली, काढून घेतला. शेवटी असं ठरलं, की तो नियंत्रित संग्रहात राहील आणि कोणाला द्यायचा हे ठरवणाऱ्या समितीत कुटुंबातले दोन जण बसतील. समितीत दोन जण! कोठाराच्या इतिहासात मला ही सर्वांत शहाणी तडजोड वाटते.

'नाव काढून टाकलं की झालं' म्हणणाऱ्यांना २००८ साल आठवावं. शेकडो माणसांच्या डीएनएची फक्त एकत्रित सरासरी प्रसिद्ध केली, तरी त्या गर्दीत अमुक माणूस होता की नाही हे सांगता येतं, असं तेव्हा दाखवलं गेलं. अमेरिकेने आपले खुले सरासरी आकडे रातोरात मागे घेतले. आणि मार्च २०२५ मध्ये '२३ अँड मी' या कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज केला. कोणी गंमत म्हणून, कोणी पूर्वज शोधायला थुंकी पाठवली होती, अशा सुमारे दीड कोटी माणसांचा डेटा दिवाळखोर कंपनीची मालमत्ता म्हणून विक्रीला आला.

मोकळेपणाची किंमत फक्त व्यक्तीच मोजते असं नाही, देशही मोजतात. २००६ मध्ये बर्ड फ्लूच्या वेळी इटलीच्या इलारिया कापुआ यांना सांगितलं गेलं, विषाणूचा क्रम निवडक प्रयोगशाळांच्या बंद संग्रहात टाका. त्यांनी तो जेनबँकमध्ये टाकला आणि इतरांनाही तसं करायला सांगितलं. छान. पण त्याच सुमारास इंडोनेशियाने विषाणू देणं बंद केलं. त्यांच्या नमुन्यावर परदेशी कंपनीने लस करायची आणि ती त्यांनीच महाग विकत घ्यायची, हा कुठला न्याय? दोन्ही बाजू खऱ्या होत्या. त्यातून 'जीआयएसएआयडी' निघालं. नाव सांगून आत या, वापरा, पण देणाऱ्याचं श्रेय बुडवू नका. कोविडच्या काळात विषाणूचे बहुतेक क्रम तिथेच गेले.

कोविडच्या विषाणूचा सर्वांत आधी जाहीर झालेला क्रम चीनच्या झांग योंगझेन यांच्या गटाने काढलेला होता. ११ जानेवारी २०२० रोजी तो खुला झाला आणि दोन दिवसांत अमेरिकेत लशीचा आराखडा तयार झाला. झांग यांची प्रयोगशाळा दुसऱ्या दिवशी 'सुधारणेसाठी' बंद करण्यात आली. दक्षिण आफ्रिकेने नोव्हेंबर २०२१ मध्ये ओमिक्रॉन तातडीने जाहीर केला. बक्षीस? विमानं बंद. आणि आपण? २०२१च्या फेब्रुवारीत अमरावतीत रुग्ण वाढू लागले. पुण्याच्या 'एनआयव्ही' या विषाणू संस्थेतल्या शास्त्रज्ञांना महाराष्ट्रातल्या नमुन्यांत विषाणूचे नवे बदल दिसले. त्याच कुळातल्या एका शाखेला मे महिन्यात जगाने 'डेल्टा' हे नाव दिलं. तोवर आपली दुसरी लाट कळस गाठून ओसरू लागली होती. बाधितांपैकी ५ टक्के नमुने वाचायचे असं ठरलं होतं, त्याच्या जवळपासही आपण पोहोचलो नव्हतो. यंत्रं होती, माणसं होती. नमुने जिल्ह्यातून निघून कोठारात पोहोचायला आठवडे लागत. रिकाम्या कोठारात इशारा सापडत नाही.

तेव्हा फरिदाबादच्या कोठाराकडून मला काय हवंय, ते सांगून थांबतो. २०२३च्या आपल्या वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यात जनुकीय माहितीला वेगळं, जास्त संरक्षण नाही. अमेरिकेने जनुकांवरून नोकरीत आणि आरोग्यविम्यात भेदभाव करायला २००८ साली बंदी घातली. आपल्याकडे २०१८ साली दिल्ली उच्च न्यायालयाने आनुवंशिक आजाराच्या सबबीखाली विमा नाकारण्यावर ताशेरे ओढले, पण स्वतंत्र कायदा नाही. तो आधी हवा. संमतिपत्र मराठीत हवं, गोंडीत हवं, कोरकूत हवं, आणि ते वाचून दाखवणारा माणूस हवा. ज्या समूहांनी रक्त दिलं, त्यांची माणसं डेटा कोणाला द्यायचा हे ठरवणाऱ्या समितीत हवीत, लॅक्स कुटुंबासारखी. आणि चंद्रपूरच्या किंवा नंदुरबारच्या सरकारी रुग्णालयातल्या डॉक्टरला समोरच्या सिकलसेलच्या मुलाचा अहवाल हातात घेऊन विचारता आलं पाहिजे, की हा फरक आपल्याकडे आणखी कोणात आहे? त्याला अर्ज, समिती, सहा महिने, असं उत्तर मिळता कामा नये. वारंवारतेचे आकडे, तेही लहान समूह उघडे पडणार नाहीत एवढी काळजी घेऊन, त्याला त्याच दुपारी दिसायला हवेत.